शिनचॅन, सेक्रेटरी आणि सेगाचा बाण

अहो, जरा इकडे या ना कुंपणापाशी. कपडे काय, मागाहून वाळत घाला. ऐकलंत का, आमच्या सोसायटीच्या गणपतीत यंदा काय झालं ते? तुम्ही नेमक्या लेकीकडे ठाण्याला गेलेल्या. नाहीतर तुमच्या डोळ्यांदेखत झालं असतं सगळं. कोथरूडभर बोलताहेत हो!

दरवर्षी काय असतं, पाककृती स्पर्धा, मग तळमजल्यावरच्या आजींचं भावगीत, मग बक्षिसं की मंडळी जेवायला. यंदा पोरं म्हणाली, आम्ही गेम दाखवणार. आम्हीच केलाय, प्रोजेक्टरवर लावणार. सेक्रेटरींनी चष्म्यावरून बघत विचारलं, "शैक्षणिक आहे ना?" पोरं म्हणाली, "हो काका, पार्किंगच्या नियमांवर आहे." खोटं नव्हतं हो ते, अगदीच खोटं नव्हतं!

दिवे घालवले. पडद्यावर आपली सोसायटी. तेच फाटक, तोच गळका नळ, तीच "येथे वाहन लावल्यास हवा सोडली जाईल" पाटी. आणि फाटकातून आत कोण आलं असेल? शिनचॅन! त्या जाड भुवया, तो लाल शर्ट. आता शिनचॅन कोण ते तुम्हाला मी काय सांगायचं, तुमच्या नातवानंही 'मित्सी, मित्सी' करून घर डोक्यावर घेतलं होतंच की. तर त्या शिनचॅननं दुपारी एक ते चार कुणाची बेल न वाजवता, टँकरचं पाणी भरून, कुणाच्या पार्किंगवर पाय न देता जिन्यापर्यंत पोचायचं. आणि मागे कोण लागलंय? हातात टॉर्च घेतलेले एक गृहस्थ. टक्कल, हाफ पँट, गळ्यात किल्ल्यांचा जुडगा. त्यांनी पकडलं की पडद्यावर पाटी येते, "ही जागा आपल्या तिर्थरूपांची नाही. हुकुमावरून."

बाई गं! सगळा हॉल एकदम गप्प. कुणी सेक्रेटरींकडे बघेना, आणि न बघता राहवेना. त्यांचा चेहरा आधी पांढरा, मग लाल. खजिनदारांनी तर तोंडात रुमालच कोंबला. आणि पहिलं कोण हसलं सांगा? त्यांची बायको! अशी हसली, अशी हसली, की खुर्चीवरून घसरायचीच बाकी होती. म्हणाली, "टॉर्च सुद्धा त्याच हातात धरलाय हो, डाव्या!" मग काय, आम्हाला सगळ्यांना परवानगीच मिळाली.

तर काय सांगत होते... हां, पोरांच्या डोक्यात हे आलं कुठून. आमची सूनबाई म्हणते, मी समजत होते हा कार्टून बघतोय. जेवताना मोबाइल समोर, आतून हिंदीत कुणीतरी ओरडतंय, "शिनचॅन, भाग! फ्रँकलिन, गाडी निकाल!" एक दिवस डोकावून बघते तर शिनचॅन कुणाच्या तरी गाडीत बसून पोलिसांना चकवतोय! त्या जीटीए फाइव्हमध्ये हो. गाड्या चोरायचा गेम, त्यातला फ्रँकलिन, आणि शेजारच्या सीटवर हा पाच वर्षांचा पोर. आपल्याच देशातल्या पोरांनी घुसवलाय त्याला तिथं, आणि त्याच्या गोष्टी करून यूट्यूबवर टाकतात. कधी डोरेमॉनही येतो मदतीला. जपानी लोकांनी अमेरिकी गाडीत बसून हिंदी बोलायचं, आणि बघायचं कुणी? तर कोथरूडच्या पोरांनी, वरणभात चिवडत.

आणि या शिनचॅनला आपल्या सरकारनं 2008 मध्ये बंद केलं होतं ना, आठवतंय? मुलं बिघडतात म्हणून. मग कात्री लावून परत आणला. सरकारनं टीव्हीवर कात्री लावली, आणि पोरांनी त्याला न कापता थेट गुंडांच्या गावात नेऊन सोडला. आता बोला!

आता हे घुसवतात कसं, तेही कळलं मला. सांगितलं तिसऱ्या मजल्यावरच्या हिंजवडीवाल्यानं. तोच तो, शनिवारी बारा वाजता ब्रश करतो तो. पोरांना त्यानंच शिकवलंय सगळं. सोसायटीचा गेम त्यांनी गोडो नावाच्या फुकटच्या सॉफ्टवेअरमध्ये केला, शिनचॅनसुद्धा स्वतः काढला. पण जीटीएचं वेगळं असतं म्हणे. मूळ गेमच्या फायली उघडायच्या, एका माणसाचं शरीर काढून तिथं दुसऱ्याचं ठेवायचं. चाल फ्रँकलिनची, तोंड शिनचॅनचं. त्या फायली उघडायला ओपनआयव्ही नावाचं एक हत्यार होतं, आणि त्याच्यावरनं 2017 च्या जूनमध्ये जे रामायण झालं ना...

गेमची मालक कंपनी, टेक-टू, तिनं त्या ओपनआयव्हीवाल्यांना नोटीस धाडली. बंद करा म्हणून. ते बिचारे घाबरले, म्हणाले बंद करतो. मग खेळणारी जनता अशी खवळली, की स्टीमच्या दुकानात जाऊन जीटीए फाइव्हला शिव्याच शिव्या. गेम कितीही चांगला असो, अभिप्राय वाईटच! कंपनीचे चेहरे कसे पडले असतील? महिना उलटायच्या आत नमतं घेतलं, एकट्यानं खेळायचे, पैसे न कमावणारे बदल असतील तर आम्ही साधारणपणे कोर्टात जाणार नाही म्हणाले. आणि पुढची गंमत ऐका. फाइव्हएम म्हणून अशीच बदल करणारी दुसरी टोळी होती. गेम बनवणाऱ्या रॉकस्टारनं 2015 मध्ये त्यांची खाती बंद केली होती, तोंड बघणार नाही म्हणे. आणि 2023 च्या ऑगस्टमध्ये? अख्खी टोळीच आपल्या घरात घेतली! पळून जाऊन लग्न केलेल्या जावयाला दारात उभं करायचं नाही, आणि त्याचा धंदा चालला की दिवाळसणाला सोन्याची अंगठी. तसंच.

अहो थांबा, खरा किस्सा तर पुढेच आहे.

त्या हिंजवडीवाल्याचा स्वतःचा जीव कशात अडकलाय, तर सिम्प्सन्समध्ये. पिवळी माणसं हो, डोनट खाणारा तो बाप. 1989 पासून चाललंय, अजून त्याचा पोरगा बार्ट चौथीतच. त्याच्यावर 2003 मध्ये गेम आला होता, हिट अँड रन. जीटीएचीच टर, पण रक्त नाही, गोळ्या नाहीत, नुसती धडकाधडक. हा तेव्हा शाळेत. कुणीतरी मामानं सीडी आणली होती, ती अजून आहे त्याच्याकडे. बायकोनं रद्दीत टाकली तर तीन दिवस बोलला नाही म्हणे.

त्या गेमच्या आधी त्याच कंपनीनं, रॅडिकलनं, रोड रेज नावाचा एक केला होता, 2001 मध्ये. टॅक्सी पळवायची, माणसं बसवायची, उतरवायची. सेगावाल्यांचं पित्त खवळलं! आमच्या क्रेझी टॅक्सीची नक्कल आहे म्हणाले. आणि दावा कशावर? त्या बाणावर! डोक्यावर हवेत तरंगतो आणि "इकडे चल, तिकडे चल" दाखवतो ना, तो बाण. त्याचं पेटंट आहे म्हणे आमच्याकडे. आणि गाडी अंगावर आली की माणसं टुणकन बाजूला उड्या मारतात, तेही आमचंच. रस्त्यात गाडी आल्यावर बाजूला उडी मारायची याचं पेटंट! अहो, मग कर्वे रोड ओलांडणारा प्रत्येक माणूस सेगाचा देणेकरी झाला की. 2003 च्या डिसेंबरात फॉक्स, ईए, रॅडिकल, त्या गेममागच्या सगळ्या कंपन्यांना कोर्टात ओढलं. शेवटी बाहेरच्या बाहेर मिटवलं. किती दिले, कुणी दिले, ते काही बाहेर येऊ दिलं नाही. तसल्या गोष्टी कुठे येतात बाहेर...

आणि याच सेगानं पुढे काय केलं? त्यांचा तो निळा सॉनिक. त्याचे चाहते वर्षानुवर्षं घरी बसून स्वतःचे सॉनिक करत होते. ऑस्ट्रेलियातला ख्रिश्चन व्हाइटहेड, त्यानं जुना सॉनिक सीडी मोबाइलवर चालवून दाखवला. सेगानं नोटीस पाठवायची, तर कामच दिलं! त्याचा सॉनिक सीडी 2011 मध्ये विकायला आणला, आणि 2017 मध्ये त्याच चाहत्यांच्या टोळीकडून सॉनिक मेनिया करून घेतला. लोकांनी डोक्यावर घेतला तो. हिंजवडीवाला म्हणतो, कित्येक वर्षांत सेगाच्या स्वतःच्या माणसांना तसा जमला नव्हता. बाणासाठी भांडणारी कंपनी ती हीच बरं का.

पण सगळीच घरं अशी नसतात. निन्टेंडोच्या दारात उभं राहून बघा! 2016 च्या ऑगस्टमध्ये एका अर्जेंटिनाच्या पोरानं दहाएक वर्षं खपून त्यांचा जुना मेट्रॉइड नव्यानं केला, मेट्रॉइडच्या तिसाव्या वाढदिवसाला फुकट वाटला. आणि लगेच, डाउनलोड काढून टाका! वाढदिवसाच्या केकवरची मेणबत्ती विझायच्या आत हो.

म्हणून तर तो एक यूट्यूबर घाबरून बसलाय ना. त्यानं हिट अँड रन अख्खा नव्या अनरियल इंजिनमध्ये उभा केला. झाडांची सावली काय, रस्त्यावरचं ऊन काय! सगळ्यांना व्हिडिओत दाखवतो, आणि खेळायला मागितला की म्हणतो, देता येणार नाही, वकील मागे लागतील. लाडू दाखवायचे आणि डबा बंद. आमचा हिंजवडीवाला तो व्हिडिओ लावतो आणि उसासे टाकतो, बायको सांगत होती.

बाकीचे मात्र धीट आहेत. डोनट टीम म्हणून एक मंडळी आहे, ती मूळ हिट अँड रनमध्ये काय वाटेल ते बदल बसवता येतील अशी सोय करून बसलीय. दुसऱ्या एका टोळीनं तर अख्खा सिम्प्सन्सच काढून टाकला आणि तिथं फ्युचरामा नावाची दुसरीच मालिका बसवली. आणि एकानं काय केलं? मालिकेत 1995 मध्ये एक नाताळचा भाग होता. बार्टला हाणामारीचा गेम हवा असतो, तो दुकानातून चोरताना पकडला जातो, आणि शेवटी आई त्याला प्रेमानं आणून देते काय, तर गोल्फचा एक मुलखाचा कंटाळवाणा गेम. ली कार्व्हालोचा. गंमत म्हणून दाखवलेला, काही सेकंदांचा. तर एका हौशी माणसानं तो खराखुरा करून टाकला! तितकाच कंटाळवाणा. मुद्दाम. कंटाळा सुद्धा मोजून मापून उतरवलाय हो. अशी भक्ती पारायणाला बसलेल्यांचीही नसते.

अय्या, आणि अपू राहिलाच की! तो किराणावाला, सिम्प्सन्समधला आपला माणूस. नाव सत्यजित रायांच्या अपूवरून, आणि आवाज हँक अझारिया नावाच्या गोऱ्याचा. हिट अँड रनमध्ये एक अख्खी पातळी अपूची आहे. त्याच्या दुकानातला कोला लोकांनी प्यायलेला असतो आणि त्यातच काहीतरी काळंबेरं निघतं, मग हा अपराधी होऊन गावभर शोध घेत फिरतो. हिंजवडीवाल्याला लहानपणी काय कौतुक, आपला माणूस गाडी चालवतोय म्हणून! पुढे 2017 मध्ये हरी कोंडाबोलू नावाच्या तिथल्याच एका आपल्या माणसानं त्या अपूवर फिल्म काढली, की या एका आवाजापायी अमेरिकेतल्या आमच्यासारख्या पोरांना शाळेत किती चिडवलं ते बघा. 2020 मध्ये अझारियानं सांगून टाकलं, आता मी हा आवाज काढणार नाही. मी हिंजवडीवाल्याला विचारलं, मग तुला राग आला की नाही? तो गप्प बसला जरा. म्हणाला, "काकू, मला खेळताना आवाज ऐकूच यायचा नाही. स्पीकर नव्हते आमच्याकडे." घ्या!

तर काय सांगत होते, सेक्रेटरी. आरती झाली, प्रसाद वाटला, आणि सेक्रेटरी उभे राहिले. म्हणाले, "शिनचॅन हा परक्याच्या मालकीचा आहे. उद्या जपानहून नोटीस आली तर सोसायटी जबाबदार राहणार नाही." पोरांची तोंडं एवढीएवढीशी झाली. ती एक धाकटी तर रडायलाच लागली. तेवढ्यात दुसऱ्या मजल्यावरचे वकीलकाका, वय पंच्याऐंशी, ऐकू कमी येतं पण कायदा बरोबर ऐकू येतो, ते हातातली काठी आपटून म्हणाले, "टाटांचं कासव विसरलात?"

विसरायला आम्हाला ठाऊक कुठं होतं? मग त्यांनी सांगितलं. ओडिशात धामरा बंदर होत होतं, टाटा स्टील आणि एल अँड टीचं. तिथं जवळच ती ऑलिव्ह रिडले कासवं अंडी घालायला येतात. ग्रीनपीसवाल्यांनी टाटांवर गेम काढला, 'टर्टल व्हर्सेस टाटा'. आपल्या पॅकमॅनसारखाच. कासवानं पांढरे ठिपके खायचे, आणि टाटांच्या बोधचिन्हाच्या राक्षसांना चुकवायचं. राक्षसांची नावं काय, तर रॅटी, मॅटी, नॅटी आणि टिंकू! अहो, टाटांच्या बॉम्बे हाउसमध्ये टिंकू कुणी ऐकला असेल तेव्हा चेहरे काय झाले असतील... टाटा गेले दिल्ली हायकोर्टात, बदनामी केली, चिन्ह वापरलं, दहा कोटी द्या आणि गेम थांबवा. आणि 28 जानेवारी 2011 ला न्यायमूर्ती रवींद्र भटांनी सांगितलं, तात्पुरती मनाई देणार नाही. टीका करायला, टर उडवायला चिन्ह वापरलं म्हणून काही लगेच चोरी होत नाही.

सेक्रेटरी म्हणाले, "पण तो टाटांनाच चिडवत होता. ही मुलं शिनचॅनला कुठे चिडवतात? शिनचॅनला घेऊन मला चिडवतात!" वकीलकाका म्हणाले, "बरोबर. मुद्दा चांगला आहे तुमचा. म्हणजे जपान्यांनी चिडायचं की तुम्ही, एवढंच ठरवायचं राहिलं." मग त्यांनी पोरांना बजावलं, की आपल्या 1957 च्या कॉपीराइट कायद्यात टीकेला, समीक्षेला सूट आहे, पण विडंबनाला अशी नाव घेऊन सूट नाही. चेहरा जसाच्या तसा उचललात आणि विकायला लागलात तर मी वाचवायला येणार नाही. घरात खेळा, गणपतीत दाखवा, एक रुपया घेऊ नका. एक पोरगा हळूच म्हणाला, "मग शिनचॅनऐवजी तो पेपरातला चिंटू घेऊ का?" वकीलकाका दचकलेच. "नको रे बाबा! जपानचा मालक लांब आहे. चिंटूचे इथंच पुण्यात, कुणाच्या तरी ओळखीतलेच निघायचे. संध्याकाळपर्यंत फोन येईल."

आणि मग ते म्हातारे काय बोलले, ते मात्र माझ्या मनात राहिलंय. म्हणाले, अत्र्यांनी याच पुण्यात 'झेंडूची फुले' लिहिली, रविकिरण मंडळाच्या कवींची एकेकाची उडवली. पण त्याआधी त्या कवितांची वळणं त्यांच्या जिभेवर बसलेली असणार. पाठ नसलेल्याची टर उडवताच येत नाही. या पोरांनी तुमचा टॉर्च कुठल्या हातात असतो ते बघितलंय सेक्रेटरी, तुमच्या सख्ख्या मुलानं बघितलंय का? सेक्रेटरी खाली बघायला लागले. मुलगा समोरच बसला होता हो, मोबाइलमध्ये.

मग सेक्रेटरींनी काय मागितलं असेल? दुरुस्ती! म्हणाले, "दाखवायचंच असेल तर त्या पाटीत 'तीर्थरूप'मधली वेलांटी ऱ्हस्व पडलीय, ती दीर्घ करा. माझ्या नावावर अशुद्ध खपवून घेणार नाही." झालं! पोरांनी तिथंच लॅपटॉप उघडून दुरुस्त केली. आणि तुम्हाला म्हणून सांगते, परवा रात्री साडेअकराला त्यांच्या हॉलमधून तेच टिंग टिंग संगीत येत होतं. बायकोनंच सांगितलं भाजी घेताना. स्वतःलाच चुकवत जिना गाठायचा प्रयत्न करताहेत, आणि स्वतःच्याच हातून पकडले जाताहेत!

माझं म्हणाल, तर पोरं उद्या मोठं काही करतील. त्या 'राजी' गेमवाल्यांनी नाही का केलं? नॉडिंग हेड्स, आपल्या पुण्यातलेच. 2017 मध्ये लोकांकडे वर्गणी मागितली, ती पुरी जमली नाही, तरी 2020 मध्ये गेम आणलाच, आणि जगातल्या पहिलटकरांच्या बक्षिसाच्या यादीत जाऊन बसले. त्यांनी कुणाचं उसनं नाही घेतलं, आपल्याच दुर्गा-विष्णूंना घेतलं. त्या देवांचे वकील नसतात, एवढी सोय आहे.

पण उसनं घेणाऱ्यांचंही काही वाईट होत नाही बरं. उलट ज्यांच्याकडे सगळे कागद, सह्या, शिक्के, त्यांचं काय झालं ते ऐका. हिंजवडीवाल्याची बायको नवऱ्याच्या त्या बेकायदा उद्योगांना नाकं मुरडायची. ती खेळायची ईएचा टॅप्ड आउट. अधिकृत! 2012 पासूनचा. बोटानं टिचकी मारत अख्खं स्प्रिंगफील्ड वसवायचं, आणि घाई असेल तर खरे पैसे मोजून डोनट विकत घ्यायचे. किती मोजले ते तिनं सांगितलं नाही, आणि मी तरी कशाला विचारू... तर 24 जानेवारी 2025 ला ईएनं तो बंद केला. सर्व्हरच बंद. घरं, शाळा, तिचा तो झगमगीत मोनोरेल, सगळं गेलं. चेहरा असा उतरला होता बिचारीचा, दोन दिवस डबा केला नाही.

आता नवऱ्याच्या मांडीवरचा लॅपटॉप ओढून हिट अँड रन शिकतेय. काल जिन्यात भेटली. म्हणाली, "काकू, मी ह्यांना विचारलं, एवढं शिकून घेते, पण हा कधी बंद पाडणार ते आधीच सांगा." मी म्हटलं, मग काय म्हणाला तो? तर म्हणे तो हसला. म्हणाला, "सर्व्हरच नाही ह्याला. कंपन्यांच्या हातून तो केव्हाच निसटलाय."